समासात लिहिणारे सर

सरांची आणि माझी ओळख भांडणातून झाली. मी नुकतीच त्या वाचनालयात सहायक ग्रंथपाल म्हणून लागले होते. पहिल्याच महिन्यात एक म्हातारे गृहस्थ वाचनकक्षाच्या कोपऱ्यात एक जाड कादंबरी उघडून तिच्या समासात शाईच्या पेनानं काहीतरी लिहीत बसलेले दिसले. पुस्तकात खुणा करणारे वाचक मला नवे नव्हते. शेवटच्या पानावर फोन नंबर टिपणारे असतात, रहस्यकथेच्या पहिल्याच पानावर खुन्याचं नाव लिहून ठेवणारे असतात. पण इतक्या निवांतपणे, शाई वाळावी म्हणून मधूनमधून फुंकर घालत लिहिणारा माणूस मी पहिल्यांदाच पाहत होते.

मी जाऊन पुस्तक काढून घेतलं आणि सुनावलं, की ही वाचनालयाची वस्तू आहे, शिकल्यासवरल्या माणसानं असं करू नये. त्यांनी मुकाट्यानं पेनाला टोपण लावलं.

"तुमचं बरोबर आहे, बाई. पण हे माझं आहे."

"शिक्का आमचा आहे," मी म्हटलं.

"शिक्का तुमचा. चूक माझी."

मी पुस्तक उलटून पाहिलं. मलपृष्ठावर दाट केसांच्या, जाड चष्म्याच्या एका तरुण मास्तरांचा फोटो होता. केस गेले होते, चष्मा तोच असावा. मग मी त्यांनी काय लिहिलंय ते वाचलं. पान एकशे त्रेचाळीस. समासात उभ्या, शाळेच्या फळ्यावर शोभेल अशा अक्षरात लिहिलं होतं : 'हा मजकूर मी चौकशी न करता लिहिला. हे असं नव्हतं. — लेखक.'

ते पुस्तक मी टेबलाच्या खणात ठेवून दिलं. त्यांच्यावर काही कारवाई करावी की करू नये हे मला ठरवता आलं नाही, ते आजतागायत ठरवलेलं नाही.

सर एका हायस्कुलात मराठी शिकवायचे. निवृत्त होऊन बरीच वर्षं झाली होती. बायको वारली होती, मुलगा बंगळुरूला. मूळ घर अक्कलकोट तालुक्यातलं, घरात बोलणं कन्नड, लिहिणं मराठी. त्यांनी तीन कादंबऱ्या लिहिल्या होत्या आणि तिन्ही राजकारणाच्या. पहिली नगरपालिकेच्या निवडणुकीवर, दुसरी पाण्यावर, आणि तिसरी, जिच्यामुळे त्यांचं नाव सोलापूरच्या बाहेर गेलं ती, गिरणीच्या संपावर. चौथीची लोक वाट पाहत होते, तेव्हा त्यांनी कादंबरी लिहिणं एकदम बंद केलं आणि हळगन्नडातलं, म्हणजे हजार वर्षांपूर्वीच्या कन्नडातलं, एक युद्धकाव्य मराठीत आणायला घेतलं. बारा वर्षं तेच चाललं होतं. कवीचं नाव ते घेत नसत. 'आमचे कविराज' म्हणत, जसं काही कविराज शेजारच्या खोलीत झोपलेत आणि आवाज झाला तर उठतील. गावात यावर एकमत होतं : मास्तर थकले, घाबरले, पोथीत शिरले.

त्यांना घाबरलेलं मी तरी पाहिलं नव्हतं. निवडणूक आली की दारात मतं मागायला आलेल्या प्रत्येक उमेदवाराला ते बसवून पाणी द्यायचे, आणि एक वही पुढे करायचे. 'विकास' या शब्दाचा तुम्ही काय अर्थ घेता तो एका वाक्यात लिहा आणि खाली सही करा. कार्यकर्ते कावरेबावरे व्हायचे. बहुतेक उमेदवार वेळ नाही म्हणून उठायचे. काहींनी अर्धं पान भरून लिहिलं होतं. एकानं फक्त 'रस्ता' एवढंच लिहून सही केली होती. सरांनी मला ती वही दाखवली तेव्हा या पानाशी थांबले आणि म्हणाले की हा निवडून आला नाही, पण मत मी यालाच दिलं, कारण याच्याशी भांडता तरी आलं असतं.

वर्तमानपत्र ते कालचं वाचायचे. आजचं ताजं पुढ्यात असलं तरी कालचंच मागायचे. एका दिवसात निम्म्या बातम्या आपणहून खोट्या पडतात, उरलेल्या वाचाव्यात, असा त्यांचा हिशोब. वाचनालयात येण्याचा त्यांचा वार ठरलेला नव्हता, तो नळावर ठरायचा. आमच्या शहरात पाणी चार-पाच दिवसांनी येतं. पाण्याच्या दिवशी ते यायचे नाहीत, बाकी सगळे दिवस यायचे. दुपारी एकला पिशवीतून कडक भाकरी आणि शेंगाची चटणी काढायचे. त्या शांत खोलीत कडक भाकरी मोडली की फरशी फुटल्यासारखा आवाज होतो. मी दोनदा सांगून पाहिलं. तिसऱ्या दिवशी त्यांनी एक चतकोर भाकरी आणि चटणीची पुडी माझ्या टेबलावर आणून ठेवली, आणि मग मीही मोडू लागले.

भाषांतरासाठी त्यांना शब्दकोश पुरायचे नाहीत. वाचनालयाच्या दाराशी दुधनीची एक मावशी सीताफळं, बोरं, जे त्या ऋतूत असेल ते घेऊन बसायची. सर तिच्यासमोर उकिडवे बसून कन्नडात गप्पा मारायचे आणि मध्येच कविराजांचा एखादा शब्द टाकून तिचं तोंड पाहायचे. एकदा एका शब्दापाशी ते नऊ दिवस अडले. लढाईत सेनापती पडतो आणि त्याचा सारथी 'तिरुगिद', एवढंच कवी म्हणतो. म्हणजे वळला. पण वळला म्हणजे पळून जायला माघारी फिरला, की पडलेल्या धन्याकडे वळून पाहिलं? आधीच्या एका पंडितानं 'पळाला' असं लावलेलं होतं. सरांनी मावशीला विचारलं. ती म्हणाली की आम्ही घरी परत गेलं तरी तेच म्हणतो आणि मागं वळून बघितलं तरी तेच म्हणतो, कोणतं ते बघितलेल्यानं सांगायचं. सर आत आले, खुर्चीवर बसले आणि त्या दिवशी भाकरी खायचे विसरले.

"बाई," ते थोड्या वेळानं म्हणाले, "बघणारे सगळे मेले असतील तर काय करायचं?"

मी म्हटलं, मग दोन्ही अर्थ ठेवावेत.

"मराठीत दोन्ही राहतील असा शब्द आहे. 'फिरला'. पण मला तो सुचायला नऊ दिवस लागले. कादंबरीत मी एका दुपारी 'पळाला' लिहून मोकळा झालो होतो."

पान एकशे त्रेचाळीसचा हा विषय त्यांनी आपणहून काढण्याची ती पहिली वेळ. पूर्ण गोष्ट मला कळली ती पुढच्या महिन्यात, पुण्याच्या प्रकाशकाचं पत्र आलं तेव्हा. संपाची कादंबरी एका विद्यापीठानं अभ्यासक्रमाला लावली होती, प्रकाशकाला नवी आवृत्ती काढायची होती. सरांनी हातानं नकार लिहिला होता आणि तो नीट टाइप करून द्यायला माझ्याकडे आणला होता. मी कारण विचारलं. तेव्हा त्यांनी सांगितलं.

संपाच्या समितीत एक जॉबर, म्हणजे मजुरांवरचा मुकादम, होता. मागखात्यातला, तेलुगू विणकर घरातला, कमी बोलणारा. संप तिसऱ्या महिन्यात गेला तेव्हा लोकांनी त्याला लागोपाठ तीन दिवस मॅनेजरच्या बंगल्यात जाताना पाहिलं. चौथ्या दिवशी सकाळी तो एकटाच, सगळ्यांच्या देखत, गिरणीचं फाटक ओलांडून कामावर गेला. त्यानंतर लोक फुटत गेले आणि संप मोडला. सरांनी कादंबरी लिहिली तेव्हा या माणसाचं नाव बदलून राजमल्लू केलं, आणि पान एकशे त्रेचाळीसवर राजमल्लू विकला गेला असं लिहिलं. कादंबरीतलं सगळ्यात गाजलेलं पान तेच. राजमल्लू हा शब्द आमच्याकडे काही वर्षं शिवीसारखा वापरला जायचा, मी स्वतः शाळेत असताना तो ऐकला होता. तो कुठून आला ते मला तेव्हा माहीत नव्हतं.

बारा वर्षांपूर्वी गिरणीच्या ऑफिसातला एक निवृत्त कारकून एका लग्नात सरांच्या शेजारच्या खुर्चीवर जेवायला बसला. वरणभात कालवता कालवता त्यानं सांगितलं की मास्तर, तुमचं पुस्तक लई छान आहे, पण ते एक पान काही जमलं नाही. संपात दगडफेकीच्या आरोपाखाली तीन पोरं आत गेली होती. मॅनेजरनं तक्रार मागं घेतली तरच ती सुटणार होती. तक्रार मागं घेण्याचं पत्र याच कारकुनानं टाइप केलं. जॉबर समोर उभा होता. अट अशी होती की उद्या सकाळी तू एकट्यानं फाटकातून आत यायचं आणि का आलास हे कुणाला सांगायचं नाही. तो आला, आणि त्यानं सांगितलं नाही.

"लोकांनी पाहिलं ते खरंच होतं," सर म्हणाले. "तो फाटकातून गेला. का गेला ते कुणी विचारलं नाही. मी त्याच्या घरापासून तीन गल्ल्या लांब राहत होतो, बाई. शंभर मजुरांना भेटलो. त्याला भेटलो नाही. पान इतकं चांगलं जमलं होतं की भीती वाटली, भेटलो तर बिघडेल."

त्यानंतर त्यांनी कादंबरी लिहिली नाही. भाषांतरात मूळ समोर असतं, चुकलो की ते डोळ्यात खुपतं, असं ते म्हणत. कादंबरीला असं मूळ नसतं, ही आपली समजूत होती. आणि तेव्हापासून ते जिल्ह्यातली वाचनालयं शोधत हिंडत होते. जिथे जिथे आपली कादंबरी असेल तिथे जायचं, पान काढायचं आणि समासात कबुली लिहायची. अक्कलकोट झालं होतं, दुधनी झालं होतं, शहरातल्या आठ शाखा झाल्या होत्या. मी म्हटलं की त्यापेक्षा नव्या आवृत्तीत ते पानच बदला. त्यांना ते पटेना. बदललं तर लोक म्हणतील लेखकानं कादंबरी सुधारली. चूक मागच्या मागे पुसल्यासारखी होते. त्यांना ती पुसायची नव्हती.

वैरागला मी त्यांच्याबरोबर गेले. एसटीत खिडकीशी बसून ते वहीत यादी पाहत होते. तिथल्या वाचनालयात एक गृहस्थ होते, शेतीही बघायचे आणि संध्याकाळी वाचनालयही उघडायचे. आम्ही येण्याचं कारण सांगितलं. ते विचारात पडले.

"पुस्तकात लिवायला परवानगी न्हाय, सर. तरी लोकं लिवत्यातच की. तुमी तर लेखक हाय. लिवा."

त्यांनी पुस्तक काढून दिलं. सरांनी पान उघडलं आणि पेन तसाच धरून थांबले. समासात जागाच नव्हती. राजमल्लूच्या वर्णनाशेजारी कुणीतरी बॉलपेननं लिहिलं होतं की आमच्या गावचा राजमल्लू अमुक अमुक, आणि पूर्ण नाव. त्याखाली दुसऱ्या अक्षरात 'व्हय, लई खरं.' त्याखाली तिसऱ्या अक्षरात त्या माणसाच्या घरच्यांबद्दल एक घाण वाक्य. ते गृहस्थ वाकून पाहायला लागले तशी सरांनी पान हातानं झाकलं. हा माणूस अजून आहे का, एवढंच त्यांनी विचारलं. गृहस्थ म्हणाले, होता, गाव सोडून गेला, कुटं गेला माहीत न्हाय.

सरांनी ते नाव आणि खालची वाक्यं काळजीपूर्वक, अक्षर दिसणार नाही अशी खोडली. मग पानाच्या तळाशी आपली कबुली लिहिली. परतीच्या एसटीत त्यांनी यादीची वही उघडली नाही. स्टँडवर उतरल्यावर म्हणाले, "मला वाटत होतं मी एका माणसाबद्दल खोटं लिहिलं. वैरागातल्याबद्दलही लिहिलं की. त्याचं तोंडसुद्धा मला माहीत नाही."

तेव्हा मी इतके दिवस मनात असलेलं विचारलं. सर, तुम्ही सगळीकडे जाताय. त्या जॉबरच्या घरी गेलात?

त्यांनी चष्मा काढून पुसला. आधी पुस्तकं संपू देत, म्हणाले.

मला राग आला. तो मी लपवला नाही. "तेवीस पुस्तकं झाली. माणूस एकच आहे, आणि तो तीन गल्ल्यांवर राहतो."

सर रिक्षात बसले. पुढचे पंधरा दिवस वाचनालयात आले नाहीत. पाण्याचे दिवस आले आणि गेले. मावशीनं दोनदा विचारलं की मास्तर आजारी आहेत का. मला वाटलं आपण मर्यादा सोडली. मग एका रविवारी सकाळी ते माझ्या घराशी येऊन उभे राहिले. इस्त्रीचा पांढरा शर्ट घातला होता. चला म्हणाले.

पूर्व भागातल्या त्या गल्लीत रविवारीसुद्धा दोन-तीन घरांतून मागांची खटखट चालू होती. घर दोन खोल्यांचं. बाहेरच्या खोलीत शिलाई मशीन, भोवती शाळेच्या गणवेशांचे निळे गठ्ठे. मशीनवर चाळिशीची एक बाई होती, ती त्यांची मुलगी, विजया. पलंगावर भिंतीला टेकून तिचे वडील बसले होते. हाडं मोठी, अंगावर मांस थोडं. विजया त्यांना नायना म्हणत होती, तेलुगूत बापाला म्हणतात तसं, म्हणून मीही त्यांना नायनाच म्हणते.

सरांनी नाव सांगितलं. विजयानं मशीन थांबवलं. नायनांनी 'कूर्चोंडी' म्हणत खुर्चीकडे हात केला. सर बसले नाहीत. उभ्यानं, एका दमात, वर्गात धडा म्हणून दाखवावा तसं त्यांनी सगळं सांगितलं : कारकून, पत्र, पान एकशे त्रेचाळीस, समास, तेवीस पुस्तकं. शेवटी माफी मागितली. त्यांचा आवाज मला ओळखू येत नव्हता.

नायनांना मराठी वाचता येत नव्हतं. कामापुरतं बोलता यायचं. त्यांनी थोडा वेळ सरांकडे पाहिलं.

"नाव तुमी बदललं होतं, मास्तर. गल्लीनं परत लावलं."

एवढं बोलून ते खिडकीकडे पाहू लागले. त्यांच्याकडून तेवढंच होतं. पण विजयाचं तेवढ्यावर भागणार नव्हतं. ती उठून समोर आली.

"मी वाचलंय ते पुस्तक. नववीत होते. वर्गात मला राजमल्लूची पोरगी म्हणायचे. मी घरी येऊन नायनाला विचारलं, राजमल्लू कोण. म्हणाले, असेल कुणीतरी. माझं लग्न दोनदा ठरून मोडलं, दोन्ही वेळा कुणीतरी जाऊन सांगून आलं. आणि आता तुम्ही म्हणताय समासात लिहून आलो." तिनं आवाज चढवला नव्हता. "पुस्तक छापलेलं, सर. आणि माफी पेनानं?"

सर तेव्हा खाली बसले. खुर्चीवर बसले नाहीत, गणवेशांच्या गठ्ठ्यावर बसले. मी त्यांना उठवायला पुढे झाले तर विजयानंच हातानं थांबवलं. शेजारच्या घरातला माग तेवढा चालू होता.

"काय करू?" सरांनी तिलाच विचारलं.

"छापा."

त्यांनी छापायचं कबूल केलं. पण छापणार काय? आपण पुन्हा लिहिलं तर ती पुन्हा आपलीच गोष्ट होईल, असं सरांना वाटत होतं. त्यांनी नायनांना विचारलं की तुम्ही सांगाल का. ते नाही म्हणाले. शब्द दिला होता. विजया म्हणाली, कुणाला दिला होता, साहेब मेला, गिरणीच्या जागेवर गवत उगवलंय. नायना म्हणाले की माणूस मेला म्हणून शब्द मरत नाही. आम्ही परत आलो.

सर पुढच्या रविवारी गेले, त्याच्या पुढच्या रविवारी गेले. चहा प्यायचे, इकडचं तिकडचं बोलायचे, यायचे. पाचव्या रविवारी नायनांनी एक अट घातली. त्या तीन पोरांची नावं कुठंही येता कामा नयेत, अजून त्यांना माहीत नाही आपण कशानं सुटलो ते, आणि या वयात कुणाच्या डोक्यावर कशाला ओझं. सरांनी अट मान्य केली. मग नायना बोलू लागले.

मनातलं ते तेलुगूत बोलायचे. सरांना तेलुगू अर्धवट कळायचं. विजया शिवण करता करता अडेल तिथे सांगायची. कविराजांसाठी आणलेल्या दोनशे पानी वह्यांतलीच एक वही सरांनी यासाठी घेतली. डाव्या पानावर नायनांचं तेलुगू बोलणं देवनागरीत जसंच्या तसं, उजव्या पानावर मराठी. वाचनालयात बसून ते ती वही साफ करायचे. युद्धकाव्य नवव्या सर्गावर थांबलं होतं. मी विचारलं, तर म्हणाले की कविराज हजार वर्षं थांबलेत, आणखी थोडं थांबतील. नायनांची छाती धरत होती त्या हिवाळ्यात.

सहा महिने लागले. नवी आवृत्ती निघाली ती जुनीच, एक अक्षर न बदलता. पान एकशे त्रेचाळीस जसंच्या तसं. पण त्या पानावर तळटीप होती, आणि ती शेवटच्या एकतीस पानांकडे न्यायची. तिथे सांगणाऱ्याचं नाव होतं, खरं, पूर्ण. सरांचं नाव त्याखाली लहान अक्षरात, फक्त भाषांतरकार म्हणून. प्रकाशकाला प्रस्तावना हवी होती, निदान दोन पानं. सरांनी दोन वाक्यं दिली. 'मूळ सांगणारे हयात आहेत. भाषांतराबद्दल शंका आल्यास त्यांना विचारावे.'

याचा आनंद सगळ्यांना झाला असं नाही. संपातले एक जुने सोबती, जे दर आठवड्याला सरांकडे यायचे, ते यायचे बंद झाले. संपाची एकच कादंबरी होती आणि तीही तू मोडलीस, असं ते बोलून गेले. सर त्यांच्याकडे तीनदा गेले, दार उघडलं नाही. विद्यापीठानं पुस्तक ठेवलं, पण शेवटची एकतीस पानं परीक्षेला नाहीत असं कळवलं. त्यावर सर हसले, तेवढंच.

विजयानं पाच प्रती घेतल्या. त्यातली एक ती आपल्या जुन्या शाळेत देऊन आली.

सर पुढच्या उन्हाळ्यात गेले. दुपारी झोपले ते उठले नाहीत. नवव्या सर्गाच्या मधोमध एक ओळ अर्धी आहे. मुलानं वह्या मला दिल्या, त्या वाचनालयाच्या कपाटात आहेत, कुणाला हळगन्नड येत असेल तर यावं. नायना अजून आहेत.

लोक सरांबद्दल विचारायला येतात तेव्हा त्यांना उमेदवारांची वही ऐकायची असते, कालचं वर्तमानपत्र ऐकायचं असतं. मी सांगते. पण एक दुपार मी सहसा सांगत नाही, ती इथं लिहिते.

भाषांतर पूर्ण झाल्यावर छापायला देण्याआधी सरांनी ते नायनांना वाचून दाखवायचं ठरवलं. मूळ समोर असताना पडताळा नको का, म्हणाले. मार्च होता, पत्रे तापले होते. सर मराठी वाक्य वाचायचे, विजया ते तेलुगूत सांगायची, नायना मान हलवायचे. असं तासभर चाललं. एका ठिकाणी त्यांनी मागावरच्या रुळासाठी वापरलेला 'बीम' शब्द बदलायला लावला, एका ठिकाणी सकाळ होती ती दुपार केली. फाटकातून आत जाण्याचा भागही सरांनी नीट पार पाडला. शेवटचा परिच्छेद राहिला होता. सरांनी वाचलं : 'पोरं सुटली. त्या दिवसाचा मला कधी पश्चात्ताप झाला नाही.'

विजयानं ते तेलुगूत सांगितलं. नायनांनी मान हलवली नाही. तिला पुन्हा सांगायला लावलं. मग सरळ सरांकडे वळून ते मराठीत बोलले.

"हे मी म्हटलं?"

सरांनी डावं पान चाळलं. पुढचं, मागचं. तिथं ते वाक्य नव्हतं. ते कुठेच नव्हतं. मी त्यांच्या शेजारी होते, त्यांचं बोट कागदावर फिरताना पाहत होते, आणि ते बोट थांबलं तेव्हा त्यांच्या लक्षात आलेलं माझ्याही लक्षात आलं. सहा महिने ऐकून, शब्दाला शब्द लावून, शेवटी त्यांनी त्या माणसाला पुन्हा एकदा आपल्या मनासारखा करून ठेवला होता. या वेळी चांगला.

"नाही," सर म्हणाले. "मी घातलं."

"झाला पश्चात्ताप," नायना म्हणाले. "लई वेळा. पोरगी शाळेतनं रडत यायची, तवा व्हायचा. ती तीन पोरं रस्त्यात मला बघून थुंकायची, तवा व्हायचा. वाटायचं कशाला गेलो. राहिली असती आत."

विजयानं बापाकडे पाहिलं. तिनं हे कधी ऐकलं नव्हतं. तिच्या मांडीवरचा निळ्या कापडाचा तुकडा खाली घसरला, तो तिनं उचलला नाही.

सरांनी ती ओळ खोडली. नुसती एक रेघ मारली नाही; वैरागला खोडलं होतं तसं, अक्षर दिसणार नाही असं खोडलं. मग त्यांनी वहीचं पान उलटलं, डावं पान कोरं काढलं, पेन टेकवला आणि मान खाली घालून म्हणाले,

"सांगा."